डाव्या गालाची ऊब

कपडे धुण्याच्या दुकानातल्या मोठ्या मशीनमध्ये डॉटच्या चादरी घुमत होत्या आणि भिंतीवरच्या टीव्हीत तिची आई मरत होती. आवाज बंद होता. दहा मशीनं एकदम घरघरत असताना ऐकू तरी काय येणार, म्हणून मिसेस पॅन्टेली तो बंदच ठेवायची आणि कपड्यांच्या घड्या घालता घालता नुसती चित्रं बघायची. डॉटनं मान वर केली ती सहजच, मानेला कळ लागली म्हणून. पलंग दिसला. उशांना टेकून बसवलेली म्हातारी दिसली. तिचा हात हातात धरून बसलेली, केस घट्ट मागे बांधलेली एक बाई दिसली. मागे गुलाबांच्या नक्षीचा कागद लावलेली भिंत, जाळीचा पडदा, कपाटावर घड्याळ. डॉटला वाटलं, हे आपल्याला आठवतंय. मग वाटलं, आपल्याला आठवतंय ते मिसेस पॅन्टेलीला कसं दिसतंय?

“काय रडते बघा मेली,” मिसेस पॅन्टेली टॉवेल झटकत म्हणाली. “खरं वाटतं अगदी. यांच्या डोळ्यांत म्हणे काहीतरी घालतात.”

“ग्लिसरीन.”

“तेच ते. आणि मिस मार्श, ही बाई थोडी तुमच्यासारखी दिसते हो. नाक बघा.”

“नाक काय, सगळ्यांनाच असतं,” डॉट म्हणाली. पडद्यावरच्या बाईनं ओठ उघडले तेव्हा डॉटचेही उघडले. तिला ते उघडायचे नव्हते. दोघींचे ओठ एकदम हलले, एकीचे तिशीतले आणि एकीचे पंचाहत्तरीला टेकलेले, आणि मशीनच्या घरघरीत डॉटला स्वतःचाच आवाज बारीक ऐकू आला. “दार लावून घेऊ, आई, की उघडं ठेवू?”

हे वाक्य डॉट स्वतःच्या आईला म्हणाली होती. हल शहरातल्या घरी, पुढच्या खोलीत, फेब्रुवारीत, आईचा हात हातात घेऊन. जगातल्या दुसऱ्या कुणाचा त्या वाक्याशी काही संबंध नव्हता. ते टीव्हीत कसं गेलं?

गेलं कसं म्हणजे काय, सरळ होतं. ती एका गिरणीवाल्या घराण्याची जुनी मालिका होती, डॉट तिच्यात थोरली मुलगी होती, आणि दुपारच्या वेळी, ज्यांना काम नाही आणि झोपही येत नाही अशा लोकांसाठी कुठल्यातरी चॅनेलवर जुन्या मालिका उकरून लावतात. मालिका पहिल्यांदा दाखवली तेव्हा डॉट रोज संध्याकाळी लीड्सला नाटकात मोलकरीण होती, म्हणून तिनं ती कधी पाहिलीच नव्हती. एवढंच. पण मशीन थांबलं तेव्हा चादरी वाळवायला न टाकता तिनं त्या तशाच ओल्या पिशवीत कोंबल्या. मिसेस पॅन्टेली मागून ओरडली, “अहो, थंडीत ओल्या कुठं नेता? न्यूमोनिया व्हायचा चादरींना!” डॉट एरवी हसली असती.

डॉटचं नाव खरं म्हणजे डोरोथी मार्श. पण नटांच्या युनियनमध्ये एका नावाची दोन माणसं चालत नाहीत, आणि ती नाव नोंदवायला गेली तेव्हा एक डोरोथी मार्श आधीच तिथं होती, ब्लॅकपूलच्या एका विविधरंगी कार्यक्रमात चेंडू झेलणारी. तेव्हा तिच्या एजंटानं, लिओनार्डनं, चहा पिता पिता ऑगस्टा हे नाव काढून दिलं. “राजघराण्यातलं वाटतं,” तो म्हणाला. मग राजघराण्यातल्या त्या नावानं डॉटनं जन्मभर फरशा पुसल्या. आधी मोलकरणी, मग नर्सा, मग खानावळीच्या मालकिणी, मग खुनाच्या मालिकांतल्या शेजारणी, ज्या पडद्याआडून बघतात आणि इन्स्पेक्टरला सांगतात की आम्ही काही भोचक नाही हं. रस्त्यात लोक तिला थांबवायचे. पण सही मागायला नव्हे. “तुम्ही आमच्या पोस्टात होता का हो?” असं विचारायला. एकानं तर तिला शाळेतली गणिताची बाई समजून माफी मागितली होती, आणि तिनंही ती देऊन टाकली होती. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा आणि नाव कुणाला ठाऊक नाही, यात तिला सुख होतं. कुणी ओळखत नाही तोवर आतली डॉट आपली शाबूत आहे, असं ती धरून चालली होती.

आणि आतल्या त्या डॉटकडे एक वस्तू होती. तिला रडण्यासाठी कधी काही लागलं नाही. दिग्दर्शक कौतुकानं सांगायचे, ऑगस्टाला नुसतं तयार हो म्हणा, मनातल्या मनात पाच मोजा, पाणी येतं. कसं येतं ते तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. ती त्या पाचांमध्ये हलच्या पुढच्या खोलीत जायची. पलंगाशी बसायची, आईचा हात घ्यायची, विचारायची, दार लावून घेऊ की उघडं ठेवू. आणि डोळे भरून यायचे. न जन्मलेल्या मुलांसाठी, बुडालेल्या दर्यावर्दी नवऱ्यांसाठी, मालकिणीच्या चोरीला गेलेल्या हारासाठी, सगळ्यांसाठी तिनं चाळीस वर्षं त्या एका खोलीतून पाणी आणलं होतं. विहीर आपली आहे, घरची आहे, म्हणून तिला कधी लाज वाटली नाही. ओली पिशवी मांडीवर आपटत घराकडे चालताना तिला आता एकच विचार सुचत होता, आणि तो ती मनात पुरा करू देत नव्हती. की आपण चाळीस वर्षं एका मालिकेसाठी रडलो. की हलला आपण गेलोच नव्हतो.

पण गेलो होतो. ती फुटपाथवर उभी राहिली आणि तिनं डोळे मिटून घेतले. एक बाई कुत्र्याला घेऊन वळसा घालून गेली. पुढची खोली. पलंग खाली आणला होता, आईला जिना चढवेना म्हणून. समोर खिडकी, जाळीचा पडदा. उजवीकडे भिंत, गुलाबांची. पलंगाच्या डोक्याशी भिंत, गुलाबांचीच. आणि डावीकडे? डावीकडे काही नव्हतं. तिनं आठवणीतली मान डावीकडे वळवून पाहिली. तिथं भिंत नव्हती, दार नव्हतं, नुसता काळोख होता. आणि त्या काळोखातून तिच्या डाव्या गालाला ऊब लागत होती.

तिनं घाबरून डोळे उघडले. फेब्रुवारीत, हलला, त्या घरात ऊब? त्या घरात आंघोळीचं पाणी बादलीतून गालांपर्यंत येईतो गार व्हायचं. आई अंथरुणात अंगावर कोट घालून झोपायची. ती ऊब दिव्यांची होती. स्टुडिओत नेपथ्याला तीनच भिंती असतात, चौथीच्या जागी कॅमेरे उभे असतात आणि दिवे आणि हातात बशी धरून बिस्किटं खाणारी माणसं. एवढ्या वर्षांत हे तिला कसं कळलं नाही? शेकडो वेळा त्या खोलीत जाऊन आली, आणि एकदाही तिनं डावीकडे पाहिलं नाही. नटाला सवयच असते, तिकडे पाहायचं नाही म्हणून.

आता दुसऱ्या गोष्टीही लक्षात यायला लागल्या. नको नको म्हणत असताना. तो हात. आठवणीतला हात मऊ होता, नखं स्वच्छ होती, पावडरीचा वास होता. आईचा हात! आई जन्मभर मासळीच्या कारखान्यात हेरिंग चिरत होती. तिची बोटं चिरांनी भरलेली, उजवी करंगळी वाकडी, आणि कितीही साबण लावला तरी त्या हातांचा वास जायचा नाही. लहानपणी दोघी बहिणी शाळेत एकमेकींना हुंगून बघायच्या, आपल्याला तर येत नाही ना. तो पावडरीचा हात मिस ॲडेला फ्रॉस्टचा होता. मिस फ्रॉस्ट मालिकेत मरणारी म्हातारी होती आणि दोन टेकच्या मध्ये पांघरुणाखालून विणकाम काढायची. “मरायची वेळ झाली की हाक मारा गं,” म्हणायची. आणि चेहरा? डॉटनं आईचा चेहरा आठवायचा प्रयत्न केला. मिस फ्रॉस्ट उशीवरून तिच्याकडे पाहत होती.

घरी आल्यावर तिनं हीटर लावला, चादरी स्नानगृहात टाकल्या, किटली गॅसवर ठेवली आणि गॅस पेटवायला ती विसरली. मग ती स्वयंपाकघरातल्या खुर्चीवर बसून एकेक आठवण काढून भिंती मोजायला लागली. लग्न. रजिस्ट्रारची कचेरी, हिरव्या भिंती, एक, दोन, तीन. चौथ्या बाजूला नवऱ्याचा, रेक्सचा, भाऊ उभा होता आणि त्याच्या मागे रेडिएटर. चार. हायसं वाटलं. रेक्सचं दुखणं, इस्पितळातला पडदा, पडद्यापलीकडे खोकणारा माणूस. ते खरं. बाळंतपण. बाळंतपण तिला फार स्पष्ट आठवत होतं. कंबरेतून निघालेली कळ, दातांत धरलेला टॉवेलचा पीळ, सुईण म्हणत होती, अजून एकदा, राणी, अजून एकदा. घामानं भिजलेली मान. ते सगळं अंगाला आठवत होतं. आणि डॉटला मूल कधी झालंच नव्हतं. हे तिला नेहमीच ठाऊक होतं, त्यात नवीन काही नव्हतं; पूर्वी ती पार्टीत हा विनोद म्हणून सांगायची. आता पाचावर धारण बसली. जे झालंच नाही ते अंगाला इतकं पटलेलं असेल, तर जे झालं त्याचं काय? ते कुठं ठेवलंय? की ठेवायला जागाच उरली नाही?

टेबलावर गुरुवारच्या शूटिंगचे कागद पडले होते. त्यांतही कुणीतरी मरणारच होतं. आता मिस फ्रॉस्टच्या जागी तिची पाळी. मालिकांचं असंच असतं, माणूस हळूहळू खुर्चीवरून पलंगावर सरकतो. पलंगावर पडून राहायचं आणि तीन वाक्यं म्हणायची. नवी एजंट पोरगी फोनवर म्हणाली होती, “ऑगस्टा डार्लिंग, झोपून पैसे!” पण ती तीन वाक्यं आठवडाभर काही केल्या लक्षात राहत नव्हती. सकाळी पाठ व्हायची आणि दुपारी हातातून निसटलेल्या साबणासारखी जायची. तरुणपणी तिनं एका नावाजलेल्या नटाला रंगमंचावर ब्लँक होताना पाहिलं होतं. विंगेतून प्रॉम्पटरनं वाक्य दिलं, पुन्हा दिलं, मोठ्यानं दिलं; प्रेक्षकांनासुद्धा ऐकू गेलं; पण त्या माणसानं विंगेकडे अशा नजरेनं पाहिलं की जणू त्याला कुणीतरी परक्या भाषेत हाक मारतंय. डॉट तेव्हा हातात ट्रे घेऊन त्याच्या शेजारी उभी होती. ती नजर तिला आयुष्यात कधी विसरता आली नाही. ती तरी खरी होती. की तिथंही ट्रेच्या पलीकडे काळोखच होता?

हे सांगू शकेल असं जगात एकच माणूस होतं. आयव्ही, धाकटी बहीण, अजून हललाच. तिला विचारलं की संपलं. पण विचारायचं म्हणजे तिचं उत्तर ऐकायचं, आणि आयव्ही काही जिभेला गूळ लावून बोलणारी नव्हती. “तू? तू कुठली येतेस. तुझं शूटिंग होतं,” ती म्हणेल. तेवढ्या एका वाक्यानं आई जाईल, हात जाईल, खोली जाईल. हातात राहील मिस फ्रॉस्टचं विणकाम. डॉटनं फोन उचलला, ठेवला, हात पुसले. हात कोरडेच होते. आणि तेवढ्यात आणखी एक गोष्ट तिच्या ध्यानात आली, ती आजवर कशी खटकली नव्हती कोण जाणे. त्या खोलीत, त्या आठवणीत, आयव्ही कुठंच नव्हती. आईची सगळी सेवा करणारी आयव्ही. तिनं नंबर फिरवला.

“कोण मेलं?” आयव्हीनं फोन उचलल्या उचलल्या विचारलं. डॉटचा फोन रविवारी यायचा. मधल्या वारी आलेला फोन म्हणजे त्या घरात दुसरं काही नसे.

“कुणी नाही. आयव्ही, मी तुला एक विचारते. हसू नको.”

“हसायला झालंय काय. सकाळपासून खोकतेय मी. बोल.”

“आई गेली तेव्हा मी तिथं होते का?”

पलीकडे काहीतरी खाली ठेवल्याचा आवाज झाला, कप असावा. तेवढ्यात डॉटनं मनाशी सगळं सोडून दिलं. नसू. नव्हतोच. बरं.

“तुला बरं नाहीये का गं?” आयव्हीचा आवाज एकदम खाली आला. “डॉट? डॉक्टरकडे गेली होतीस?”

“होते का नव्हते, तेवढं सांग.”

“होतीस म्हणजे काय, होतीसच! पहाटेच्या गाडीनं आलीस. तोंड पांढरंफटक. त्या लाल कोटात. आईजवळ बसलीस आणि तुझ्या तोंडून शब्द फुटेना. मी म्हटलं, ही एवढी बोलण्याचे पैसे घेते, आणि हिथं दातखीळ. किती वेळ तशीच. मग आईकडं बघितलंस आणि काय विचारलंस सांगू? ‘दार लावून घेऊ, आई, की उघडं ठेवू?’”

डॉटनं टेबलाची कड धरली.

“मला आधी कळेचना. दार उघडंच होतं, त्याला काय विचारायचंय. पण आईला कळलं. आईनं ती तुझी मालिका बघितली होती ना, सगळ्या गल्लीला घरात बसवून. आदल्या हिवाळ्यात. तिला त्यातलं वाक्य न वाक्य पाठ. तिनं डोळे उघडले, आणि त्या बाईसारखा, त्या तुझ्या टीव्हीतल्या आईसारखा, आवाज काढला. ‘उघडंच ठेव. मला कुठं फार वेळ थांबायचंय.’ आणि मग तुझ्याकडं बघून म्हणते, ‘टीव्हीवर याहून बरं म्हणाली होतीस.’”

“काय?”

“अगं, तेच शेवटचं. टीव्हीवर याहून बरं म्हणाली होतीस. त्यानंतर बोललीच नाही. अर्ध्या तासात गेली. मी तर हसत होते गं! हातात चहाचा ट्रे आणि हसतेय, आई मरतेय आणि मी हसतेय. देवानं मला त्याची शिक्षा दिली असणार, म्हणून हा खोकला.”

“तू कुठं होतीस?”

“दारात. दुसरीकडं कुठं असणार? तुझ्या डाव्या हाताला. त्या दारातून इतकं वारं येत होतं की चहा गार झाला.”

म्हणजे गेलो होतो. म्हणजे आईनं ओळखलं होतं. जाता जाता उसनं वाक्य ओळखून, त्याला उत्तर देऊन, वर टोमणा मारून गेली होती. डॉटला आता हलकं वाटायला हवं होतं. तिनं वाट पाहिली. पण तिच्या मनात त्यातलं काहीच नव्हतं. लाल कोट नव्हता, टोमणा नव्हता, ट्रे नव्हता, हसणं नव्हतं. खोलीत मिस फ्रॉस्ट तशीच उशीला टेकून बसली होती आणि डावीकडून दिवे तापत होते. दुसऱ्याच्या घरातली गोष्ट ऐकावी तशी तिनं ती ऐकली होती. भीती गेली नव्हती. ती नुसती उठून दुसऱ्या खुर्चीवर बसली होती. ही सगळी गोष्ट आता एकट्या आयव्हीजवळ होती, आणि आयव्ही खोकत होती.

“मला यातलं काहीच आठवत नाही, आयव्ही.”

“मग मला आठवतंय ना. घरात एकीला आठवलं म्हणजे झालं.”

“परत सांग. पहिल्यापासून, सावकाश. मी पाठ करते.”

“पाठ करते? आईचं मरण?”

“मला दुसरं काही येत नाही गं,” डॉट म्हणाली, आणि तिला रडू आलं. पाच न मोजता आलं, कुठल्याही खोलीत न जाता आलं, आणि नाकातून पाणी यायला लागलं तसं ते पडद्यावर दाखवण्यासारखंही नव्हतं.

आयव्हीनं तिला रडू दिलं. मग पुन्हा सांगितलं. गाडी, कोट, दातखीळ. डॉट मागोमाग म्हणत गेली. चुकली की आयव्ही तिला टोकायची. “‘थांबायचंय’, ‘राहायचंय’ नव्हे. आई ‘थांबायचंय’ म्हणाली.” आयव्ही जन्मभर शाळेच्या स्वयंपाकघरात बटाटे उकडत होती, पण विंगेत तिच्याइतकी कडक प्रॉम्पटर डॉटला कधी मिळाली नव्हती.

“आता तू आई हो,” डॉट म्हणाली. “मी विचारते.”

“मला नाही बाई ती सोंगं जमायची.”

“जमेल. नुसतं म्हण.”

डॉटनं डोळे मिटले. पलंग, खिडकी, गुलाब. तिनं फोन उजव्या कानाशी घट्ट धरला आणि विचारलं, “दार लावून घेऊ, आई, की उघडं ठेवू?”

फोनमध्ये काहीच आलं नाही. श्वाससुद्धा नाही. आयव्ही, तिला ओरडायचं होतं, आयव्ही, तू आहेस ना. पण तिनं वाट पाहिली, समोरच्याचं वाक्य येईपर्यंत वाट पाहायची असते. आणि मग पलीकडून आवाज आला, घोगरा, कंटाळलेला, मासळीच्या कारखान्यातून घरी परतलेला. “उघडंच ठेव. मला कुठं फार वेळ थांबायचंय.”

डॉटच्या डाव्या गालाला वारं लागलं.

गार, झोंबणारं, खारट वारं, कानाच्या पाळीपर्यंत. तिनं डोळे उघडले. स्वयंपाकघराचं दार बंद होतं, खिडक्या बंद होत्या, हीटर तिच्या डाव्याच बाजूला लालबुंद तापला होता. तिनं गालावर हात ठेवला. गाल गार होता. हे आपल्याला आठवलं, की आपण आत्ता हे केलं? जन्मभर दुसरं काय केलं होतं तिनं? कुणीतरी वाक्य द्यायचं आणि अंगानं त्यावर विश्वास ठेवायचा.

“डॉट?” आयव्ही आता आपल्या नेहमीच्या आवाजात म्हणाली, जरा भीतभीतच. “बरोबर म्हणाले ना मी? डॉट?”

डॉटनं गालावरचा हात काढला नाही.

“परत एकदा म्हण,” ती म्हणाली.